शक्ती वाढते आणि कथा कोसळते: काल्पनिक विश्वातील एका नेहमीच्या बिघाडाची तपासणी

लक्षणे बहुधा अर्धे हस्तलिखित संपल्यावर दिसू लागतात. चौथ्या प्रकरणात जी साधिका बीजमंत्राच्या बळावर कोसळती दरड थोपवते, तीच नवव्या प्रकरणात कोठडीचे कुलूप उघडण्यासाठी पहारेकऱ्याच्या कमरेची किल्ली लांबवण्याच्या खटपटीत असते, आणि लेखकाला त्यात काही वावगे वाटत नाही. प्रत्येक लढाई मागच्या लढाईहून मोठी करावी लागते; ‘प्रचंड’ संपले की ‘महाप्रचंड’ येते आणि तेही अपुरे पडले की उद्गारचिन्हांची संख्या वाढते. ऐन रणधुमाळीत गुरू थांबून शिष्याला नियम समजावून सांगू लागतात. दर प्रकरणात एक नवा अपवाद उगवतो: शक्ती अमावास्येला चालत नाही, लोखंडापाशी चालत नाही, आणि पुढे कथानकाला निकड भासली की लोखंडापाशीही चालते. सर्वांत खात्रीचे लक्षण मात्र पानाच्या समासात सापडते. माझ्या स्वतःच्या कादंबरीच्या पहिल्या खर्ड्यावर एका वाचकाने, नायक शत्रूची अख्खी छावणी गोठवतो त्या प्रसंगापाशी, पेन्सिलीने एवढेच लिहिले होते: ‘मग हे पहिल्याच दिवशी का नाही केले?’

यांपैकी दोन-तीन लक्षणे एकत्र दिसत असतील, तर पात्रे, संवाद किंवा लढायांची वर्णने सुधारण्यात वेळ घालवू नये. माझ्या हाताखालून गेलेल्या अद्भुतकथांच्या हस्तलिखितांत हा बिघाड इतक्यांदा आला आहे की आता मी तो कुठे शोधायचा हे आधीच ठरवून बसतो. कथेत शक्ती वाढवण्याची जी प्रक्रिया कल्पिलेली असते, तिच्यात वाढीव शक्ती कुठून येते, वाटेत किती गळते आणि शेवटी कुठे जाते, हे लेखकाने ठरवलेलेच नसते. मग प्रत्येक प्रसंग आपल्यापुरता हिशेब मांडतो आणि ते हिशेब एकमेकांशी जुळत नाहीत.

उदाहरणासाठी मी माझीच प्रक्रिया घेतो, कारण तिची लाज मला एकट्यालाच वाटायची आहे. तिचे नाव कुंभनाद. काशाचे सात कुंभ एका ओळीत, प्रत्येकात वेगवेगळ्या पातळीपर्यंत पाणी. साधक पहिल्या कुंभाच्या तोंडाशी बीजस्वर लावतो, तो कुंभ घुमू लागतो, त्याचा नाद दुसऱ्याला जागवतो, दुसऱ्याचा तिसऱ्याला, आणि सातव्या कुंभातून बाहेर पडणारा नाद मूळ स्वराच्या कितीतरी पट प्रबळ असतो. कल्पना दिसायला देखणी होती. पुढच्या सगळ्या तपासण्या तिच्यावरच झाल्या आहेत. त्यांचा क्रम मी खर्चाप्रमाणे लावला आहे: आधी जिला अर्धा तास पुरतो ती, शेवटी जिच्यासाठी कादंबरी उसवावी लागते ती. हा क्रम मोडू नये. पहिल्या दोन तपासण्यांतच निम्म्याहून अधिक हस्तलिखिते मार्गी लागतात, आणि त्या न करता थेट शेवट बदलायला घेतलेल्या लेखकाला तोच बिघाड नव्या शेवटातही भेटतो.

शब्द तपासा

या तपासणीला संगणकातील शोधाची सोय आणि अर्धा तास एवढेच लागते. शक्ती, ऊर्जा, तेज, प्राण, ओज, नाद असे जे जे शब्द तुम्ही त्या गोष्टीसाठी वापरले असतील, ते एकेक शोधून प्रत्येक ठिकाणी त्याचा अर्थ काय होता हे कागदावर उतरवावे. माझ्या खर्ड्यात एकाच गोष्टीला पाच नावे निघाली. त्याहून वाईट असे, की एके ठिकाणी नायकाचे ‘तेज’ संपलेले होते आणि त्याच पानावर ‘प्राण’ शिल्लक असल्यामुळे तो वाचत होता. मी स्वतःलाच फसवले होते, आणि तेही समानार्थी शब्दांच्या मदतीने. शब्द वेगळा दिसला की वस्तू वेगळी असणार असे वाचक धरून चालतो, म्हणून ही तपासणी पहिली.

दुरुस्ती करताना किमान साठा आणि प्रवाह यांना निरनिराळे शब्द द्यावेत. पावसाळ्यात वर्तमानपत्र वाचणाऱ्या कोणालाही हा फरक समजावून सांगावा लागत नाही. कोयना धरणाची साठवण क्षमता १०५.२५ टीएमसी (अब्ज घनफूट) आहे असे आपण वाचतो आणि विसर्ग क्युसेकमध्ये, म्हणजे सेकंदाला किती घनफूट असा, वाचतो. एका दिवसात एक टीएमसी पाणी सोडायचे तर सुमारे ११,५७४ क्युसेकचा विसर्ग चोवीस तास चालू ठेवावा लागतो. धरण काठोकाठ भरलेले असले तरी सांडव्याच्या दारांतून एका वेळी ठरावीक पाणीच बाहेर पडते. कुंभनादात मी हाच भेद आणला, तेव्हा दरड आणि कुलूप यांच्यातील विसंगती आपोआप मिटली: सातव्या कुंभाचा विसर्ग मोठा आहे, तो बारीक करता येत नाही, आणि त्या विसर्गाने कुलूप उघडायला गेले तर कोठडी आतल्या माणसासकट उडेल. किल्लीची चोरी आता साधिकेपुढचा एकमेव शहाणा मार्ग ठरली. त्या प्रसंगातील एक ओळही मला बदलावी लागली नाही.

आकडे मांडा

दुसऱ्या तपासणीला एक आखीव वही आणि एक संध्याकाळ लागते. कथेत आकडे छापायचे नसले तरी लेखकाजवळ ते असलेच पाहिजेत. प्रत्येक प्रसंगापुढे जमा, खर्च आणि शिल्लक असे तीन रकाने आखावेत आणि कोणत्याही मनमानी एककात ते भरावेत.

इथे आधी भाषेची एक चूक हटकून सापडते. तिप्पट होणे म्हणजे दोनशे टक्क्यांनी वाढणे. तीनशे टक्क्यांनी वाढलेली गोष्ट चौपट झालेली असते. गुरू एका प्रकरणात ‘पट’ बोलतात आणि दुसऱ्यात ‘टक्के’, आणि लेखक दोन्ही एकच समजतो. त्यानंतर येते दुपटीची घसरण. माझ्या कुंभनादात प्रत्येक कुंभ नाद दुप्पट करत होता, त्यामुळे सात कुंभांनी तो १२८ पट होत होता आणि मला ते प्रमाण रास्त वाटले होते. पुढे खलनायकाने वीस कुंभ मांडले. ‘वीस’ हा आकडा मी केवळ सातापेक्षा मोठा म्हणून लिहिला होता. वहीत मांडल्यावर वाढ १०,४८,५७६ पट निघाली. एवढी शक्ती हाती असलेला खलनायक पुढची दीडशे पाने नायकाची वाट पाहत का बसतो, या प्रश्नाला माझ्याकडे उत्तर नव्हते.

दुप्पट नेमके काय होते, हेही याच बैठकीत ठरवावे. कंपनाचा विस्तार दुप्पट झाला तर त्यातील ऊर्जा चौपट होते. त्या हिशेबाने सातव्या कुंभाशी ऊर्जा १६,३८४ पट झालेली असते. काल्पनिक विश्वाने हा नियम पाळलाच पाहिजे असे नाही, पण पाळायचा नसेल तर तो मोडल्याचे लेखकाला ठाऊक असावे. गळतीचा रकाना तर कोणीच भरत नाही. प्रत्येक टप्प्यावर केवळ एक दशांश नाद वाया जातो असे धरले, तर दुपटीऐवजी १.८ पट वाढ होते आणि सात कुंभांअखेर १२८ ऐवजी सुमारे ६१ उरतात. किरकोळ वाटणारी गळती साखळीच्या शेवटी अर्ध्याहून अधिक शक्ती खाते, आणि कथेला लागणारी मर्यादा पुष्कळदा तिच्यातूनच मिळते.

वहीची ही कल्पना परकी नाही. रामायणाच्या बालकांडातील विश्वामित्राची कथा वाचताना मला ती नेहमी एखाद्या काटेकोर खातेवहीसारखी वाटते. वर्षानुवर्षांच्या तपाने शिल्लक वाढते, त्रिशंकूला सदेह स्वर्गात पाठवण्याच्या हट्टात ती खर्ची पडते, मेनकेपायी पुन्हा घटते, आणि पुढे रंभेला रागाच्या भरात शाप दिला तेव्हा साठलेले तप केवळ क्रोधापोटी जाते. ब्रह्मर्षिपद त्याला मिळते ते हा खर्च थांबल्यावरच. त्या कथेत ‘मग हे आधीच का नाही केले’ असे विचारायला वाचकाला जागा मिळत नाही, कारण प्रत्येक वेळी आधीची शिल्लक कुठे गेली हे त्याने पाहिलेले असते.

तंबोरा आहे की ध्वनिक्षेपक, ते ठरवा

इथपर्यंत कागदावरचे काम झाले. आता प्रक्रियेच्या पोटात शिरावे लागते. तंबोऱ्याची तार छेडली की भोपळा घुमतो आणि आवाज खोलीभर होतो. भोपळा मात्र पदरची ऊर्जा घालत नाही. तारेत बोटाने घातलेली ऊर्जा तो हवेत अधिक चांगल्या रीतीने पोहोचवतो, आणि जितकी ती बाहेर जाते तितकी तारेतून कमी होते. मिरजेत तंबोरे घडवणाऱ्यांच्या पेढीवर बसून जवारी, म्हणजे तारेची गुंज, लावताना पाहिले, तर एक गोष्ट डोळ्यांत भरते: तारा जिच्यावर टेकतात त्या घोडीवर तारेखाली सरकवलेला सुती दोरा केसभर पुढेमागे होतो आणि मघाची मुकी तार एकदम गुंजू लागते. बोटाचा जोर तोच, भोपळा तोच. फरक पडतो तो ऊर्जा कोणकोणत्या स्वरांत वाटली जाते यात. ध्वनिक्षेपकाची गोष्ट निराळी. तिथे माइकमधून येणारा आवाज केवळ हुकूम सोडतो, आणि कर्ण्यातून बाहेर पडणारी ऊर्जा भिंतीतल्या विजेतून येते. वीज गेली की कर्णा मुका.

तुमची प्रक्रिया यांपैकी कोणती, याचे उत्तर एका वाक्यात देता आले पाहिजे. तंबोरा असेल, तर एकूण शक्ती वाढत नाही. ती फक्त एकवटते, लांब पोहोचते किंवा हव्या त्या रूपात येते, आणि साधक त्या प्रमाणात रिता होतो. ध्वनिक्षेपक असेल, तर भिंतीतली वीज कोणती ते सांगावे लागेल. पहिल्या दोन तपासण्यांत न सुटलेल्या हस्तलिखितांत सर्वाधिक बिघाड मला इथेच सापडला आहे: लेखकाने वर्णन तंबोऱ्याचे केलेले असते आणि फळ ध्वनिक्षेपकाचे घेतलेले असते.

कुंभनादात काशाचे कुंभ आपल्या मनाने नाद १२८ पट करत होते आणि वीज कुठेच नव्हती. बराच काळ अडल्यावर माझे लक्ष कुंभांतल्या पाण्याकडे गेले. ते पाणी मी केवळ शोभेसाठी भरले होते. वाढीव शक्ती पाण्यातल्या उष्णतेतून येते असे ठरवले, आणि मग खरा हिशेब करून पाहिला. एक लिटर पाणी एका अंशाने थंड झाले, तर त्यातून सुमारे ४.२ किलोज्यूल ऊर्जा निघते; काही वाया गेले नाही तर तेवढ्यात ४० किलो वजनाचा माणूस १० मीटर उंच उचलता येतो. शून्य अंशावरचे तेच पाणी गोठले, तर आणखी ३३४ किलोज्यूल मिळतात, म्हणजे एका अंशाच्या जवळजवळ ऐंशी पट. एक टनाचा दगड १०० मीटर उंच न्यायला सुमारे ९८० किलोज्यूल लागतात. जेमतेम तीन लिटर पाण्याचा बर्फ झाला की काम झाले! माझी समजूत होती की हा स्रोत फार तोकडा पडेल; तो भलताच स्वस्त निघाला, आणि कथा पुन्हा कोसळली. तेव्हा गळती वाढवावी लागली: पाण्यातून निघालेल्या ऊर्जेचा शंभरावा हिस्साच नादात उतरतो असा नियम केला, आणि तोच दगड तीनशे लिटरवर गेला. आता मोठ्या कामासाठी विहीर पुरत नव्हती, तळे लागत होते. आणि तळे गोठवले की मासे मरत होते, कोळ्यांची पोटे बुडत होती, खालच्या शेतांचे पाट अडत होते. नायकाने पहिल्याच दिवशी शत्रूची छावणी का गोठवली नाही, याचे उत्तर मिळाले. छावणी ज्या तळ्याकाठी होती, त्याच तळ्याचे पाणी त्याचे स्वतःचे गाव पीत होते.

शिट्टी ऐका

मंगल कार्यालयात वधूवरांना आशीर्वाद द्यायला उठलेला एखादा ज्येष्ठ माणूस हातात माइक घेऊन बोलता बोलता कर्ण्यासमोर येतो आणि कानठळ्या बसवणारी शिट्टी वाजते. ध्वनिव्यवस्थेवरचा मुलगा उठून माणसाला बाजूला करत नाही, आधी बटण मागे फिरवतो. कर्ण्यातला आवाज माइकमध्ये शिरतो, वाढून पुन्हा कर्ण्यातून येतो, पुन्हा शिरतो. फेऱ्याची दोन्ही टोके जुळून तो बंदिस्त झाला की स्वतःलाच खाऊन फुगत जातो.

तुमच्या प्रक्रियेत असा फेरा आहे का, हे शोधण्यासाठी तिचे चित्र काढावे आणि बाहेर पडणारी शक्ती पुन्हा आत येऊ शकते का ते बोट फिरवून पाहावे. माझ्याकडे एका प्रसंगात सातव्या कुंभाचा नाद ऐकून साधकाचा उत्साह वाढत होता आणि त्यामुळे बीजस्वर अधिक प्रबळ होत होता. भावनेच्या वाटेने आलेला हा फेरा मला चार वाचनांतही दिसला नव्हता. ‘भक्तांच्या श्रद्धेने देव बलवान होतो, आणि देवाचे बळ पाहून श्रद्धा वाढते’ ही अनेक काल्पनिक विश्वांतली मांडणीही अशीच बंद असते.

फेरा असणे हा दोष नाही, पण त्याचे गणित उग्र आहे. दर फेरीत बाहेर पडलेल्या शक्तीचा नऊ दशांश भाग परत येत असेल, तर एकूण वाढ दहा पटींवर स्थिरावते. शंभरातले नव्याण्णव भाग परत येत असतील तर शंभर पटींवर. आणि सर्वच्या सर्व परत आले तर ती कुठेच थांबत नाही. नव्वद आणि नव्याण्णव यांत कथेच्या दृष्टीने फारसा फरक वाटत नाही, पण परिणाम दसपटीने बदलतो. देवीमाहात्म्यातील रक्तबीजाची कथा अशाच मोकाट फेऱ्याची आहे: रक्ताच्या दर थेंबातून नवा असुर उभा राहतो, आणि त्याला मारण्याचा प्रत्येक प्रयत्न त्याची संख्या वाढवतो. तिथे उपाय फेऱ्याच्या नेमक्या जागी केला आहे. चामुंडा थेंब जमिनीवर पडण्याआधीच पिऊन टाकते. जास्त जोराने प्रहार करून तो प्रसंग सुटला नसता. तुमच्या कथेतही मोकाट फेरा सापडला, तर प्रतिस्पर्ध्याला आणखी बलवान करू नका. परतीचा थेंब कुठे अडवता येईल ते पाहा.

खऱ्या ध्वनिवर्धकाला आणखी एक नैसर्गिक लगाम असतो. त्याच्या कुवतीपलीकडे आवाज चढवला की तो मोठा न होता फाटतो. कुंभांच्या बाबतीत मी हा लगाम धातूकडून घेतला. काशात साधारण ७८ भाग तांबे आणि २२ भाग कथील असते. ते सुरेल वाजते, पण ठिसूळ असते, आणि काशाचे भांडे फरशीवर आपटले तर पितळेसारखे चेपत नाही, तडकते. आठव्या कुंभापुढे नाद धातूला सोसवत नाही, एवढा एक नियम केला आणि खलनायकाच्या वीस कुंभांचा प्रश्न निकालात निघाला. त्याने ते मांडले, नवव्याचा तुकडा उडून त्याचा उजवा कान गेला, आणि कादंबरीला तिच्यातला सर्वांत बरा प्रसंग मिळाला.

मळी कुठे जाते

ही तपासणी छोटी आहे. उसाचा रस आटवला की मळी निघते, धातू वितळवला की कीट निघते. शक्ती एकवटताना काय निघते ते ठरवावे. भागवतातील समुद्रमंथनाच्या कथेत अमृताच्या आधी हालाहल वर येते आणि ते कोणाला तरी घशात धरावे लागते. त्याही आधी घुसळणीचा मंदार पर्वतच बुडू लागतो आणि त्याला कासवाच्या पाठीचा आधार द्यावा लागतो, हे लेखकांनी विशेष लक्षात घ्यावे; एवढा मोठा खटाटोप कशावर टेकला आहे हा प्रश्न सहसा कोणी विचारत नाही. तुमच्या प्रक्रियेतून फक्त अमृत निघत असेल, तर ती अपुरी कल्पिलेली आहे.

परतीची वाट तपासा

इथून पुढच्या तपासण्या महाग आहेत, कारण त्यांत प्रसंग नव्याने लिहावे लागतात. वाढवलेली शक्ती वापरली गेली नाही तर तिचे काय होते? सौप्तिकपर्वात अश्वत्थामा गवताच्या काडीवर अस्त्र योजतो, अर्जुन त्याच्यावर आपले अस्त्र सोडतो, आणि दोन्ही आवरून घ्या असे सांगितल्यावर अर्जुन आपले परत घेतो. अश्वत्थाम्याला ते साधत नाही आणि तो ते उत्तरेच्या गर्भाकडे वळवतो. सोडण्याची विद्या आणि आवरण्याची विद्या निराळ्या आहेत, दुसरीला अधिक संयम लागतो, आणि दुर्घटना त्या दोहोंमधल्या अंतरात घडते. ज्या हस्तलिखितांत साधकाला शक्ती हवी तेव्हा वाढवता येते आणि हवी तेव्हा विनासायास विरवता येते, त्यांत तिची भीती वाचकाला कधीच वाटत नाही.

लगाम प्रक्रियेत आधीपासून दिसला पाहिजे, ऐन वेळी उपटता कामा नये. भगीरथाच्या कथेत गंगा पृथ्वीवर आदळण्यापूर्वीच तिचा वेग झेलायला कोण उभे राहणार हा प्रश्न विचारला जातो, आणि शंकराला प्रसन्न करण्याचे वेगळे तप त्यासाठी करावे लागते. कुंभनादात मी आठवा कुंभ असाच राखून ठेवला, ज्याच्यात पाण्याऐवजी वाळू भरलेली असते आणि ज्याच्याकडे उरलेला नाद वळवायचा असतो. तो पहिल्या प्रकरणातच अंगणात पडलेला दिसतो. त्यात कोंबडी अंडी घालते.

शेजारच्या घरात डोकवा

सर्वांत कष्टाची तपासणी ही, आणि तिच्यासाठी महिना गेला तरी हरकत नाही. अशी प्रक्रिया ज्या विश्वात आहे, तिथे नायक आणि खलनायक यांच्याव्यतिरिक्त इतर माणसे तिचे काय करतात? सात कुंभांनी दगड उचलता येत असेल, तर पाथरवट अजून छिन्नी घेऊन का बसले आहेत? तळे गोठवता येत असेल, तर उन्हाळ्यात बर्फ विकणारा कोणीतरी हवा. कुंभ ओतणाऱ्यांची आळी कुठे आहे, त्यांना कथील कुठून मिळते, आणि कथिलाची वाट ज्याच्या ताब्यात आहे तो राजा कोणाचे ऐकतो? ‘मग सगळेच हे का करत नाहीत’ या प्रश्नाचे उत्तर ‘कारण नायक निवडलेला आहे’ असे देणे मला कमकुवत वाटते. दुर्मीळ धातू, वीस वर्षांचा रियाज, गावाचे पाणी गमावण्याची भीती, कासारांच्या घराण्यात राखलेले गुपित, यांतले कोणतेही उत्तर त्याहून बरे, कारण त्याच्यातून पुढची कथा निघते. माझ्या बाबतीत कथिलाने युद्धाचे कारणच बदलले आणि मधली ऐंशी पाने मी फाडली. ती पाने चांगली होती, हे नोंदवून ठेवतो.

केव्हा थांबावे

काही परिस्थितींत स्वतः दुरुस्ती करत राहणे हानिकारक असते. एकाच प्रसंगासाठी तिसऱ्यांदा नवा अपवाद लिहावा लागला, तर लेखणी खाली ठेवावी. तुम्ही आता बिघाड दुरुस्त करत नसून त्याच्यावर ठिगळ लावत आहात, आणि तुमच्या डोळ्यांना तो दिसण्याचा टप्पा उलटून गेला आहे. मालिकेचा पहिला भाग प्रसिद्ध झालेला असेल, तर त्यातील नियम वाचकांच्या मालकीचे झालेले असतात, आणि ते न मोडता आतून कसे वळवायचे हे अनुभवी संपादकाचे काम आहे. ते तुम्ही एकट्याने करू नये. तुमची प्रक्रिया एखाद्या जिवंत संप्रदायाच्या, जागरण-गोंधळासारख्या विधीच्या किंवा कुलाचाराच्या आधाराने रचलेली असेल, तर ती परंपरा पाळणाऱ्या जाणत्या माणसाला हस्तलिखित दाखवल्याशिवाय तिच्यात फेरफार करू नयेत, कारण तिथे चूक झाली तर ती कथेपुरती राहत नाही.

आणखी एक प्रसंग माझ्यावर दोनदा आला आहे. वाचकाने प्रक्रिया खरी मानून, घरातल्या आजारी माणसासाठी ती कशी करावी असे विचारले. अशा वेळी कथेच्या भाषेत एक अक्षरही उत्तर देऊ नये. हे रचलेले आहे असे स्पष्ट सांगावे, डॉक्टरकडे जाण्यास सांगावे, आणि महाराष्ट्रात २०१३ पासून जादूटोणाविरोधी कायदा आहे याचीही आठवण ठेवावी.

संपादकाकडे जाताना केवळ हस्तलिखित नेऊ नका. जमाखर्चाची वही, प्रक्रियेचे चित्र, तंबोरा की ध्वनिक्षेपक याचे एका वाक्यातले उत्तर, आणि समासात प्रश्न लिहिलेली वाचकाची मूळ प्रत, खोडरबर न लावता, सोबत द्यावी. माझ्या संपादकाने सर्वांत आधी ती पेन्सिलीची ओळ वाचली आणि त्या पानापासून मागे वाचायला सुरुवात केली.